ब्रायन ॲक्टन: व्हॉट्सॲप विकलं, मग सिग्नलसाठी खिशात हात घातला

दर वर्षी-दोन वर्षांनी आपल्या फॅमिली ग्रुपवर एक मेसेज हमखास येतो. "शनिवारपासून व्हॉट्सॲपला पैसे लागणार, हा मेसेज दहा जणांना पाठवा, म्हणजे तुमचं अकाउंट फुकट राहील." मागच्या वेळी हा मेसेज आमच्या मावशीने टाकला. मी नेहमीप्रमाणे "मावशी, फेक आहे गं" एवढं लिहून मोकळी झाले. तिने लगेच उलट विचारलं, "बरं, पैसे घेत नाहीत, तर मग यांचं चालतं कशावर?"

प्रश्न साधा होता, पण मला एका ओळीत उत्तर देता येईना. उत्तर शोधताना मी पुन्हा पुन्हा एकाच माणसाच्या नावाशी येऊन थांबत होते. ब्रायन ॲक्टन. व्हॉट्सॲपच्या दोन संस्थापकांपैकी एक. त्यांनी ते ॲप फेसबुकला विकलं, अब्जाधीश झाले, मग भांडून बाहेर पडले आणि त्याच पैशातून व्हॉट्सॲपला पर्याय असलेल्या सिग्नलला उभं केलं. मावशीच्या प्रश्नाचं उत्तर त्यांच्या करिअरमध्ये जवळपास पूर्ण सापडतं. म्हणून आजचा लेख त्यांच्यावर.

थोडक्यात ओळख

- जन्म: १९७२, अमेरिकेतील मिशिगन राज्य. लहानपण फ्लोरिडात.
- शिक्षण: स्टॅनफर्ड विद्यापीठातून कॉम्प्युटर सायन्सची पदवी, १९९४.
- नोकरी: सुरुवातीला ॲपल आणि अडोबीत टेस्टिंगचं काम, १९९६ ते २००७ याहू.
- कंपनी: व्हॉट्सॲप (२००९), यान कूम यांच्यासोबत.
- विक्री: २०१४ मध्ये फेसबुकला, १९ अब्ज डॉलरचा करार.
- त्यानंतर: २०१८ मध्ये सिग्नल फाउंडेशनची स्थापना, सुरुवातीलाच ५ कोटी डॉलर. शिवाय पत्नी टीगन यांच्यासोबत कौटुंबिक दानसंस्था.

आता गोष्ट नीट क्रमाने बघू.

याहूतली अकरा वर्षं

आज याहू म्हटलं की आपल्याला जुना मेल आयडी आठवतो, पण १९९६ मध्ये याहू म्हणजे इंटरनेटचं प्रवेशद्वार होतं. ॲक्टन तिथे ४४वे कर्मचारी म्हणून लागले. पुढच्याच वर्षी त्यांची भेट यान कूम यांच्याशी झाली. कूम तेव्हा एका ऑडिट कंपनीकडून याहूच्या जाहिरात यंत्रणेची सुरक्षा तपासायला आले होते. नंतर कूमही याहूतच आले.

दोघांचे स्वभाव आणि पार्श्वभूमी अगदी वेगळ्या. कूम युक्रेनचे. १६ वर्षांचे असताना आईसोबत अमेरिकेत आले. सुरुवातीचे दिवस इतके ओढाताणीचे होते की सरकारी फूड स्टॅम्पवर, म्हणजे गरिबांना मिळणाऱ्या धान्याच्या कुपनांवर घर चालायचं. त्यांचा जन्म ज्या सोव्हिएत युनियनमधला, तिथे फोनवर बोलताना कुणीतरी ऐकत असेल ही भीती कायमची. खासगी बोलणं खासगीच राहिलं पाहिजे, हा त्यांचा हट्ट तिथून आलेला.

ॲक्टन यांचा हट्ट वेगळ्या अनुभवातून आला. याहूत त्यांनी जाहिरातींच्या यंत्रणेवर बरंच काम केलं होतं. वापरणाऱ्याला काय हवं यापेक्षा जाहिरात कुठे बसेल याचा विचार आधी होतो, हे त्यांनी आतून पाहिलं होतं. त्यात २००० साली डॉट-कॉमचा फुगा फुटला आणि त्यांनी गुंतवलेले लाखो डॉलर बुडाले. २००७ मध्ये दोघांनीही याहू सोडलं आणि वर्षभर दक्षिण अमेरिकेत भटकत, फ्रिस्बी खेळत काढलं.

दोन नकार आणि एक नवं ॲप

परत आल्यावर नोकरी शोधायला सुरुवात केली. २००९ मध्ये ट्विटरने ॲक्टन यांना नाही म्हटलं. काही महिन्यांनी फेसबुकनेही नाही म्हटलं. या दोन्ही नकारांबद्दल त्यांनी स्वतःच ट्विट केलं होतं, तेही कसलाही कडवटपणा न दाखवता. पुढे हे ट्विट खूप गाजलं, कारण ज्या फेसबुकने नोकरी नाकारली त्यानेच पाच वर्षांत त्यांची कंपनी अब्जावधी डॉलर मोजून विकत घेतली. मोटिव्हेशनल रील्समध्ये गोष्ट सहसा इथेच संपते. आपल्याला मात्र पुढचं बघायचं आहे.

त्याच वर्षी २४ फेब्रुवारीला कूम यांनी कॅलिफोर्नियात व्हॉट्सॲप नावाने कंपनी नोंदवली होती. मूळ कल्पना चॅटची नव्हतीच. फोनबुकमधल्या नावापुढे त्या माणसाचं स्टेटस दिसावं, उदाहरणार्थ 'जिममध्ये आहे', 'बॅटरी कमी आहे', एवढंच. ॲप सारखं बंद पडायचं आणि कूम वैतागून नोकरी शोधायच्या बेतात होते. तेव्हा ॲक्टन यांनी त्यांना थांबवलं आणि अजून काही महिने दे, असं सांगितलं.

जून २००९ मध्ये ॲपलने आयफोनवर पुश नोटिफिकेशन आणलं आणि चित्र बदललं. स्टेटस बदललं की मित्रांच्या फोनवर टिंग वाजू लागलं. लोक स्टेटसमधूनच एकमेकांशी बोलायला लागले. मग चॅटची सोय आली. ऑक्टोबरमध्ये ॲक्टन यांनी याहूतल्या पाच जुन्या मित्रांकडून अडीच लाख डॉलर गोळा केले आणि ते सहसंस्थापक झाले.

टेबलावरची चिठ्ठी

कूम यांच्या टेबलावर एक चिठ्ठी चिकटवलेली असायची. त्यावर ॲक्टन यांच्या अक्षरात तीन गोष्टींना मनाई लिहिली होती: जाहिराती नाहीत, गेम्स नाहीत, चलाख्या नाहीत. कंपनीचा सगळा कारभार त्या चिठ्ठीवर चालला.

आता मावशीचा प्रश्न. जाहिराती नाहीत, मग पैसे कुठून? उत्तर असं की व्हॉट्सॲप त्या काळी खरंच पैसे घ्यायचं. आयफोनवर ॲप विकत घ्यावं लागे आणि बाकीच्या फोनवर पहिलं वर्ष फुकट, नंतर वर्षाला साधारण एक डॉलर. म्हणजे फॅमिली ग्रुपवरचा तो मेसेज खोटा असला, तरी त्याच्या मुळाशी एक खरी आठवण आहे. व्हॉट्सॲप खरोखरच पैसे घेणारं ॲप होतं.

वर्षाला एक डॉलर म्हणजे किरकोळ वाटतं. पण त्यामागचा विचार किरकोळ नव्हता. तुम्ही पैसे देता, म्हणजे तुम्ही गिऱ्हाईक. कंपनीला तुम्हाला खूश ठेवायचं असतं. तुम्ही पैसे देत नाही आणि जाहिरातदार देतो, तेव्हा गिऱ्हाईक तो होतो. मग कंपनीला तुमच्याबद्दल जितकं जास्त कळेल तितकी ती जाहिरात महाग विकू शकते. कूम यांनी २०१२ मध्ये कंपनीच्या ब्लॉगवर साधारण हेच लिहिलं होतं.

खर्चही त्यांनी आवरता ठेवला. सिकोया या गुंतवणूक कंपनीने २०११ आणि २०१३ मिळून सुमारे ६ कोटी डॉलर घातले. २०१४ च्या सुरुवातीला महिन्याला ४५ कोटी लोक व्हॉट्सॲप वापरत होते आणि ते चालवायला अवघे ५०-५५ कर्मचारी होते.

१९ अब्ज डॉलरची सही

१९ फेब्रुवारी २०१४ ला फेसबुकने व्हॉट्सॲप १९ अब्ज डॉलरला घेत असल्याचं जाहीर केलं. त्यात ४ अब्ज रोख होते आणि बाकी शेअर्स. त्या वेळच्या दराने ही रक्कम एक लाख कोटी रुपयांहून जास्त होते. कूम यांनी करारावर सही केली ती माउंटन व्ह्यू गावातल्या एका जुन्या सरकारी इमारतीच्या दारात. फूड स्टॅम्पसाठी ते आईसोबत याच ठिकाणी रांगेत उभे राहायचे. ॲक्टन यांच्याकडे कंपनीचे २० टक्क्यांहून जास्त शेअर्स होते. ते एका दिवसात अब्जाधीश झाले.

त्या दिवशी दोन्ही संस्थापकांनी वापरकर्त्यांना सांगितलं की काहीही बदलणार नाही. करारातही एक कलम घातलं होतं. फेसबुकने संस्थापकांच्या संमतीशिवाय व्हॉट्सॲपमधून पैसे कमवायला सुरुवात केली, तर त्यांचे उरलेले सगळे शेअर्स त्यांना लगेच मिळावेत, असं ते कलम. जुन्या वाड्याची विक्री करताना आजोबा 'अंगणातलं झाड तोडायचं नाही' अशी अट घालतात ना, तसं काहीसं. पण विक्री झाल्यावर वाडा नव्या मालकाचा असतो.

मग बिनसलं कुठे?

घटनांचा क्रम बघा.

- जानेवारी २०१६: व्हॉट्सॲपने एक डॉलरची फी बंद केली. आपल्याला आनंद झाला. पण पैसे येण्याचा सरळ रस्ताही त्याच दिवशी बंद झाला.
- एप्रिल २०१६: सगळ्या चॅट्सना एंड-टू-एंड एन्क्रिप्शन आलं. म्हणजे मेसेज तुमच्या फोनवर कुलूपबंद होतो आणि समोरच्याच्या फोनवरच उघडतो, मध्ये कंपनीलाही वाचता येत नाही. हे तंत्रज्ञान मॉक्सी मार्लिनस्पाइक यांच्या टीमचं, जी सिग्नल ॲप बनवत होती. या कामाला ॲक्टन आणि कूम दोघांचाही पूर्ण पाठिंबा होता.
- ऑगस्ट २०१६: प्रायव्हसी पॉलिसी बदलली. वापरकर्त्यांचे फोन नंबर आणि वापराबद्दलची काही माहिती फेसबुकला देण्याची सोय त्यात होती.
- मे २०१७: युरोपियन कमिशनने फेसबुकला ११ कोटी युरोंचा दंड केला. कारण २०१४ मध्ये फेसबुकने सांगितलं होतं की दोन्ही ॲप्सची अकाउंट्स आपोआप जोडणं विश्वासार्हपणे शक्य नाही, आणि ही माहिती दिशाभूल करणारी ठरली.

या शेवटच्या मुद्द्यावर ॲक्टन यांनी २०१८ मध्ये फोर्ब्स मासिकाला मुलाखत दिली. त्यात त्यांनी सांगितलं की युरोपच्या अधिकाऱ्यांना 'माहिती एकत्र करणं खूप अवघड आहे' असं सांगण्याची तयारी त्यांच्याकडून करून घेतली होती.

भांडणाचा मूळ विषय पैसा कसा कमवायचा हाच होता. फेसबुकला स्टेटसमध्ये जाहिराती आणि व्यापाऱ्यांसाठी सशुल्क सेवा हव्या होत्या. ॲक्टन यांनी दुसरा मार्ग सुचवला: ठरावीक संख्येपर्यंत मेसेज फुकट, त्यानंतर अगदी नगण्य दर. त्यांच्या म्हणण्यानुसार, हा मार्ग मोठ्या प्रमाणावर चालणार नाही असं सांगून तो नाकारला गेला.

८५ कोटी डॉलर टेबलावर ठेवून बाहेर

सप्टेंबर २०१७ मध्ये ॲक्टन यांनी राजीनामा दिला. त्यांचे काही शेअर्स अजून ताब्यात यायचे होते. अजून साधारण वर्षभर गप्प बसून राहिले असते, तर ते मिळाले असते. त्या शेअर्सची किंमत होती सुमारे ८५ कोटी डॉलर. त्यांनी करारातल्या त्या कलमावर बोट ठेवून पाहिलं. कंपनीच्या वकिलांचं म्हणणं पडलं की आम्ही अजून फक्त शक्यता तपासतोय, पैसे कमवायला सुरुवात केलेली नाही. ॲक्टन कोर्टात गेले नाहीत. शेअर्स सोडून निघून गेले.

मार्च २०१८ मध्ये केंब्रिज ॲनालिटिकाचं प्रकरण उघड झालं. कोट्यवधी फेसबुक वापरकर्त्यांची माहिती त्यांच्या नकळत एका राजकीय सल्लागार कंपनीकडे गेल्याचं ते प्रकरण. तेव्हा ॲक्टन यांनी फेसबुक डिलीट करण्याची वेळ आली आहे, असं एका ओळीचं ट्विट केलं. पुढच्याच महिन्यात कूम यांनीही कंपनी सोडत असल्याचं जाहीर केलं.

फोर्ब्सच्या त्या मुलाखतीत ॲक्टन यांनी एक गोष्ट कबूल केली. आपण कंपनीबरोबर आपल्या वापरकर्त्यांची प्रायव्हसीही विकली, ती तडजोड आपण स्वतः केली आणि रोज तिच्यासोबत जगतो, अशा अर्थाचं ते बोलले.

दुसरी बाजूही सांगायला हवी. फेसबुकचे तेव्हाचे वरिष्ठ अधिकारी डेव्हिड मार्कस यांनी जाहीर उत्तर दिलं. ज्यांनी तुम्हाला अब्जाधीश केलं आणि इतकी वर्षं सांभाळून घेतलं, त्यांच्यावरच उलटणं हलकेपणाचं आहे, असा त्यांचा सूर होता. एन्क्रिप्शन आणण्यात झुकरबर्ग यांची साथ होती, हेही त्यांनी नोंदवलं. ते खोटं नाही. एन्क्रिप्शन आलं ते फेसबुकच्या मालकीच्या काळातच.

सिग्नल: विकता न येणारं ॲप

२१ फेब्रुवारी २०१८ ला ॲक्टन आणि मार्लिनस्पाइक यांनी सिग्नल फाउंडेशन जाहीर केलं. ॲक्टन यांनी सुरुवातीला ५ कोटी डॉलर घातले. त्याआधी सिग्नलचं काम मोजक्या लोकांवर, अनुदानांवर आणि देणग्यांवर चाललं होतं.

इथे 'गुंतवणूकदार' हा शब्द वेगळ्या अर्थाने येतो. नेहमीचा गुंतवणूकदार पैसे घालतो, शेअर्स घेतो आणि एक दिवस कंपनी विकली जाण्याची किंवा शेअर बाजारात येण्याची वाट बघतो. सिकोयाने व्हॉट्सॲपमध्ये घातलेल्या सुमारे ६ कोटींचे असेच जवळपास ३ अब्ज झाले. सिग्नलमध्ये तशी सोयच नाही. ती ना-नफा संस्था आहे. शेअर्स नाहीत, शेअरधारक नाहीत, त्यामुळे वाटून घ्यायला नफाही नाही. ॲक्टन यांचे पैसे तिथे बिनव्याजी कर्ज म्हणून गेले. २०१८ च्या अखेरीस ही रक्कम साडेदहा कोटी डॉलरपर्यंत गेली होती आणि परतफेडीची मुदत होती २०६८. त्या वर्षी ॲक्टन ९६ वर्षांचे असतील. तेव्हा हे कर्ज म्हणायचं की दान, ते तुम्हीच ठरवा.

माझ्या मते पहिल्या धंद्यातून त्यांनी घेतलेला धडा हाच. व्हॉट्सॲपची वचनं चिठ्ठीवर आणि करारातल्या कलमावर होती. मालक बदलल्यावर दोन्ही तोकडी पडली. सिग्नलमध्ये वचन संस्थेच्या रचनेतच घातलं गेलं.

२०२२ च्या सुरुवातीला मार्लिनस्पाइक पायउतार झाले तेव्हा ॲक्टन यांनी काही महिने हंगामी सीईओ म्हणून काम पाहिलं. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये मेरेडिथ व्हिटाकर सिग्नलच्या अध्यक्ष झाल्या.

दान फक्त ॲपसाठी नाही

२०१४ मध्ये, म्हणजे विक्रीच्याच वर्षी, ब्रायन आणि टीगन ॲक्टन यांनी सनलाइट गिव्हिंग ही संस्था सुरू केली. सॅन फ्रान्सिस्कोच्या परिसरात पाच वर्षांपर्यंतची मुलं असलेल्या कमी उत्पन्नाच्या कुटुंबांना अन्न, निवारा, आरोग्य अशा मूलभूत गोष्टी मिळाव्यात म्हणून काम करणाऱ्या संस्थांना ती पैसे देते. जगातल्या सगळ्यात श्रीमंत कंपन्या जिथे आहेत तिथेच घरभाडं न परवडणारी कुटुंबंही आहेत, हे लक्षात घेतलं की या निवडीचा अर्थ कळतो. फोर्ब्सच्या २०१८ च्या लेखानुसार, फेसबुककडून मिळालेल्या पैशातले सुमारे १ अब्ज डॉलर त्यांनी दानकार्यासाठी बाजूला काढले होते.

दोन्हीकडे एन्क्रिप्शन तेच, मग फरक काय?

हा प्रश्न मला खूप जण विचारतात. मेसेजला कुलूप लावण्याचं तंत्र दोन्हीकडे एकच आहे, सिग्नल प्रोटोकॉल. म्हणून 'व्हॉट्सॲपवाले आपले चॅट्स वाचतात' हे म्हणणं चूक आहे.

फरक पाकिटावर आहे. पोस्टाने आलेलं पत्र आठवा. आतला मजकूर पोस्टमनला दिसत नाही, पण कुणी पाठवलं, कुणाला, कधी, कुठून, हे पाकिटावरून कळतं. यालाच मेटाडेटा म्हणतात. व्हॉट्सॲप अशी बरीच माहिती गोळा करतं. सिग्नल जवळपास काहीच ठेवत नाही. २०१६ मध्ये अमेरिकेतल्या एका तपासात सिग्नलकडे अधिकृतपणे माहिती मागितली गेली. तेव्हा त्यांच्याकडे देण्यासारख्या दोनच गोष्टी निघाल्या: अकाउंट कधी उघडलं आणि शेवटचं कनेक्ट कधी झालं.

असं का? कारण माहिती साठवून सिग्नलला पैसे मिळत नाहीत. ज्या कंपनीचं उत्पन्न जाहिरातींवर चालतं, तिच्यासाठी मात्र हीच माहिती म्हणजे माल असतो.

मग ॲक्टन यांना हिरो म्हणायचं का?

मला तसं सरळ म्हणता येत नाही. पहिली गोष्ट, त्यांनी कंपनी विकली तेव्हा फेसबुकचा धंदा जाहिरातींचा आहे हे जगाला माहीत होतं, आणि जाहिरातींच्या यंत्रणेवर वर्षानुवर्षं काम केलेल्या माणसाला तर नक्कीच. दुसरी गोष्ट, ८५ कोटी सोडणं मोठंच आहे, पण ते सोडल्यावरही हातात अब्जावधी उरतात तेव्हा त्याचं वजन वेगळं असतं.

तिसरी गोष्ट सगळ्यात महत्त्वाची. कोट्यवधी लोकांचं खासगी बोलणं एका श्रीमंत माणसाच्या चांगुलपणावर अवलंबून असणं, हीसुद्धा काही सुरक्षित व्यवस्था नव्हे. सिग्नललाही हे कळतं. नोव्हेंबर २०२३ मध्ये त्यांनी आपला खर्च जाहीर केला. सर्व्हर, डेटा वगैरेवर वर्षाला सुमारे १.४ कोटी डॉलर. त्यातले तब्बल ६० लाख डॉलर कशावर? नवीन अकाउंट उघडताना येणाऱ्या ओटीपीच्या एसएमएसवर! पगार वगैरे धरून २०२५ पर्यंत वर्षाचा खर्च ५ कोटी डॉलरच्या आसपास जाईल, असा त्यांचा अंदाज होता. म्हणजे ॲक्टन यांनी सुरुवातीला दिलेली रक्कम एका वर्षात संपेल इतका. म्हणूनच सिग्नल आता वापरणाऱ्यांकडून छोट्या छोट्या देणग्या मागतं.

म्हणजे बघा, फिरून गोष्ट त्या एका डॉलरवरच आली. फरक इतकाच की आता तो ऐच्छिक आहे.

आपल्याकडे काय झालं?

भारत ही व्हॉट्सॲपची सगळ्यात मोठी बाजारपेठ. २०१६ च्या पॉलिसीविरुद्ध दिल्ली हायकोर्टात गेले होते ते दोन विद्यार्थी, तुमच्याच वयाचे. कोर्टाने तेव्हा २५ सप्टेंबर २०१६ पर्यंतची वापरकर्त्यांची माहिती फेसबुकला देऊ नये असा आदेश दिला. पुढे प्रकरण सुप्रीम कोर्टात गेलं.

जानेवारी २०२१ मध्ये पुन्हा नवी पॉलिसी आली, 'मान्य करा नाहीतर ॲप सोडा' अशा थाटात. आपल्यापैकी अनेकांनी त्या आठवड्यात सिग्नल टाकलं. इतकी गर्दी झाली की १५ जानेवारीला सिग्नलच बंद पडलं. मग हळूहळू बहुतेक जण परत व्हॉट्सॲपवर आले, कारण आई, क्लास, सोसायटी, दूधवाला, सगळे तिथेच. याच पॉलिसीबद्दल भारतीय स्पर्धा आयोगाने नोव्हेंबर २०२४ मध्ये मेटाला २१३.१४ कोटी रुपयांचा दंड केला आणि प्रकरण अपिलात गेलं.

आणि जून २०२५ मध्ये मेटाने जाहीर केलं की व्हॉट्सॲपच्या अपडेट्स टॅबमध्ये, स्टेटसच्या मधोमध, जाहिराती दिसणार. ज्या गोष्टीवरून भांडण झालं होतं ती आठ वर्षांनी आलीच. खासगी चॅट्समध्ये जाहिराती नाहीत आणि चॅट्सचं एन्क्रिप्शन तसंच आहे, हेही लक्षात ठेवा.

तुम्ही आज काय करू शकता?

१. बॅकअपला कुलूप लावा. चॅट एन्क्रिप्टेड असलं तरी क्लाउडवरच्या बॅकअपला वेगळं कुलूप लागतं. व्हॉट्सॲपमध्ये सेटिंग्ज, चॅट्स, चॅट बॅकअप, एंड-टू-एंड एन्क्रिप्टेड बॅकअप असं जाऊन ते चालू करा. पासवर्ड ठेवलात तर तो विसरू नका, तो कंपनीलाही परत काढून देता येत नाही.

२. अकाउंट्स सेंटर बघा. व्हॉट्सॲपला मेटाच्या अकाउंट्स सेंटरशी जोडणं ऐच्छिक आहे. जोडलं, तर जाहिराती दाखवताना तुमच्या फेसबुक-इन्स्टाग्रामवरच्या माहितीचाही वापर होऊ शकतो. गरज नसेल तर जोडू नका.

३. सिग्नल सोबतीला ठेवा. व्हॉट्सॲप काढून टाका असं मी सांगणार नाही, मी स्वतःही काढलेलं नाही. पण घरातली दोन-तीन जवळची माणसं आणि ज्यांच्याशी कागदपत्रं, आजारपण, पैशांबद्दल बोलता ती सिग्नलवर आणता येतात. २०२४ पासून तिथे युजरनेम ठेवता येतं, त्यामुळे अनोळखी व्यक्तीला फोन नंबर न देताही बोलता येतं.

४. कोणतंही नवीन ॲप टाकताना मावशीचा प्रश्न विचारा. यांचं चालतं कशावर? फी, देणगी, जाहिरात की गुंतवणूकदारांचा पैसा? गुंतवणूकदारांचा असेल, तर तो पैसा कधीतरी परत मागितला जाणार, हे धरून चाला.

मावशीला मी शेवटी फोनवरच सगळं सांगितलं. तिने शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाली, "म्हणजे वर्षाला एक डॉलर घेत होते तेच बरं होतं की!" मग दोघींनी मिळून तिच्या फोनवर सिग्नल टाकलं. आता तिथे आमचा तिघींचा ग्रुप आहे, ती, आई आणि मी. गुड मॉर्निंगची फुलं मात्र अजून व्हॉट्सॲपवरच येतात.